गोष्ट ताजा कलमात सापडली

वाचकांचे प्रश्न : लिहिण्याबद्दल

गेल्या अंकात मी सहज विचारलं होतं, की लिहायला बसल्यावर तुमचं घोडं नेमकं कुठे अडतं ते कळवा. इतकी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. जळगावच्या एका दैनिकाच्या डेस्कवर मी ३१ वर्षं काढली, पण तिथे येणारी पत्रं बहुधा 'आमच्या मंडळाचा फोटो का छापला नाही' अशा थाटाची असत. या पत्रांत माणसं स्वतःबद्दल बोलली आहेत. त्यातली पाच घेते. बाकीच्यांनी रुसू नये, बऱ्याच जणांचं दुखणं पहिल्या पत्रातलंच आहे.

प्रश्न : ताई, मी रेल्वेत मालगाडीवर गार्ड आहे. (आता आम्हाला ट्रेन मॅनेजर म्हणतात, काम तेच.) भुसावळच्या रनिंग रूममध्ये (गाडीवरच्या लोकांची जेवायची-विश्रांतीची जागा) मी बोलायला लागलो की जेवणाऱ्यांचे हात ताटावर सुकतात. पण तेच लिहायला घेतलं की मरतं. 'प्रवास' नावाची चार पानं सोबत जोडली आहेत. बायको म्हणते, तुम्ही बोलता तेच बरं. माझ्यात लिहिण्याचा गुण नाही असं समजायचं का?

ता. क. : पानं लांबली म्हणून एक राहिलंच. निंभोऱ्याच्या अलीकडे रात्री गाडी तीन तास उभी होती. केळीत मोटर चालू करायला आलेला एक पोरगा ब्रेकव्हॅनपाशी आला. माझ्यातली अर्धी भाकरी खाल्ली, केळीची एक फणी दिली. सिग्नल मिळाला, गाडी हलली आणि डब्याचं झाकण त्याच्याच हातात राहिलं. नऊ दिवसांनी तिथूनच जाताना पाहतो तर झाकण कुंपणाच्या खांबाला तारेनं बांधून ठेवलेलं. गाडी काही थांबली नाही.

(एक वाचक, भुसावळ)

उत्तर : तुमची चार पानं मी दोनदा वाचली. पहिल्यांदा वाचलेलं काहीच आठवेना, म्हणून दुसऱ्यांदा. पहिलं वाक्य : 'मानवी जीवन हे एका अखंड रेल्वेप्रवासासारखे असते.' साहेब, मानवी जीवन नदीसारखं, बुद्धिबळाच्या डावासारखं, कांद्यासारखं आणि एकदा तर एसटीच्या वेळापत्रकासारखं असल्याचंही माझ्या टेबलावरून गेलेलं आहे. तिसऱ्या पानावर तुमची गाडी 'एका लहानशा स्थानकावर' थांबते. भुसावळ ते खंडवा मधलं प्रत्येक स्टेशन ज्याला झोपेत सांगता येतं, त्यानं 'एका लहानशा स्थानकावर' लिहावं?

मग ताजा कलम वाचला आणि मी उठून स्वयंपाकघरात गेले. आमचे हे भरताची वांगी भाजत होते. त्यांना झाकणाची गोष्ट सांगितली. वांगं उलटायचं विसरून ते म्हणाले, "मग? झाकण मिळालं का त्यांना?" 'प्रवास'मधलं मला त्यांना काही सांगता आलं नाही. सांगायला त्यात कुणी माणूसच नव्हता.

तेव्हा गुण आहे की नाही, हे सोडा. एकाच माणसानं एकाच बैठकीत लिहिलेली चार पानं मेलेली आणि खालच्या सहा ओळी जिवंत, हे कसं झालं ते बघू.

ते मला आमच्या एका तालुका वार्ताहरानं शिकवलं. सगळे त्यांना आप्पा म्हणत. तेव्हा तालुक्याच्या बातम्या पाकिटात घालून एसटीच्या कंडक्टरकडे देत आणि आमचा शिपाई सायकलनं स्टँडवर जाऊन पाकिटं घेऊन येई. आप्पांचं पाकीट आलं की उपसंपादक ते एकमेकांकडे सरकवत. 'सविस्तर वृत्त असे की' इथून निघायचं आणि 'पुढील तपास सुरू आहे' इथे पोचायचं, मधे सगळा कोरडा ओढा. एकदा त्यांच्या भागात विहिरीत बिबट्या पडला. कॉपी आली : 'शिवारातील विहिरीत बिबट्या पडल्याने एकच खळबळ उडाली. वनविभागाने अथक परिश्रमाने त्यास बाहेर काढले.' किती वाजता काढलं ते नव्हतं, म्हणून मी फोन लावला.

आप्पा बोलायला लागले. वनखात्याच्या लोकांनी चार दोर बांधून विहिरीत बाज सोडली. बिबट्या पोहून पोहून दमला होता, तो बाजेवर चढून बसला. आणि काठावर बाजेची मालकीण म्हातारी त्या लोकांशी भांडत होती, की घरात सून बाळंतीण आहे, रात्री ती निजेल कशावर? बिबट्या वर आला, उसात पळाला. बाज परत मिळाली तर म्हातारी ती धुवायला तयार नाही. म्हणाली, वाघ बसलेल्या बाजेवर निजलं तर पोरगं धीट निघेल.

एव्हाना सगळं डेस्क माझ्या फोनभोवती गोळा झालं होतं. मी विचारलं, "आप्पा, हे का नाही लिहिलंत?" ते क्षणभर गप्प झाले. मग म्हणाले, "मॅडम, असं बातमीत लिहितात का?"

बोलताना आप्पांसमोर आम्ही होतो. लिहिताना समोर 'बातमी' नावाचं कुणी कडक गृहस्थ येऊन बसायचं. तुमचंही तसंच झालंय. रनिंग रूममध्ये समोर तुमचे सोबती असतात. कागदासमोर मात्र अजून दहावीचा निबंध तपासणारे मास्तर बसलेत, कारण तुमचं लिहिलेलं वाचणारं दुसरं कुणी तुम्हाला आजवर भेटलंच नाही. ताजा कलमापर्यंत येईतो मास्तर उठून गेले होते आणि तुम्ही घाईघाईत मला काहीतरी सांगत होता.

आमच्या गावी, अमळनेरकडे, रात्री गोष्ट सुरू झाली की हुंकार द्यायला एकाला बसवत. लहानपणी ते काम माझ्याकडे होतं. आजी वाक्य टाकायची, मी 'हूं' म्हणायचे. माझा 'हूं' पेंगुळला की आजी राजाला भराभर जंगलाबाहेर काढायची. तो टवटवीत आला की त्याच जंगलात आणखी एक राक्षस निघायचा. मी नीट ऐकतेय असं वाटूनही तिला शंका आली तर मधेच विचारायची, "घोडा कुठे बांधला होता गं?" मला सांगता आलं नाही तर मागे जाऊन घोडा पुन्हा बांधायची. म्हणजे गोष्ट रचायचो आम्ही दोघी. कागदावर हा हुंकार नसतो. समोरचा कुठे पेंगला, कुठे गोंधळला, घोडा त्याच्या ध्यानात आहे का, हे सगळं लिहिणाऱ्यानं एकट्यानं स्वतःला विचारत राहायचं. विचार करणं म्हणजे याहून फार वेगळं काही असतं, असं मला वाटत नाही.

यावरून आठवलं. लायबेरियातल्या वाई लोकांची स्वतःची लिपी आहे. ती ते शाळेत शिकत नाहीत, घरात आणि ओळखीपाळखीत शिकतात आणि पत्रं लिहायला वापरतात. सिल्विया स्क्रिबनर आणि मायकेल कोल या दोघा अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी त्यांच्यात राहून अभ्यास केला, १९८१ साली त्यावर पुस्तक काढलं. नुसतं लिहिता आलं म्हणून माणूस सरसकट जास्त हुशार होतो, असं काही त्यांना आढळलं नाही. पण पटावरचा एक खेळ, पट समोर नसताना, दुसऱ्याला समजावून सांगा म्हटल्यावर आपल्या लिपीत लिहिणारे वाई लोक सरस ठरले. पत्रं लिहून त्यांना सवय झालेली असते, की पलीकडच्याला आपलं अंगण दिसत नाही.

आता तुमचं झाकण. ते स्टीलचं होतं की ॲल्युमिनियमचं? रात्री चमकलं की दिवसा दिसलं? उघडी बाजू रुळाकडे होती का? पोरगा मोटर चालू करायला आला होता, म्हणजे लाइट रात्रीचीच होती. मग नवव्या दिवशी तो शेतात होता का? हे मी विचारते तसं बायकोलाही विचारू द्या. तिला गोष्ट सांगा, ती मधे मधे काय विचारते ते मागे एका कागदावर टिपून ठेवा आणि मगच लिहायला बसा.

पण एक गोष्ट मला रात्रभर छळत होती. त्या पोराला तुमची गाडी कोणती हे कसं कळणार? मालगाड्या सगळ्या सारख्याच. त्या रुळावरून दिवसरात्र गाड्या जातात. म्हणजे नऊ दिवस तो ते झाकण प्रत्येक गाडीला दाखवत होता. आणि तुम्ही बसता सगळ्यात शेवटी. इंजिन तिथून जाऊन जवळजवळ सातशे मीटर पुढे गेल्यावर तुम्हाला तो खांब दिसला असणार, आणि दिसला तेव्हा तुम्ही त्याच्यापासून दूर दूर चालला होता. हे तुम्हाला बोलताना सुचलं नसतं. बोलताना 'झाकण बांधून ठेवलं होतं' म्हटलं की सोबती हसतात आणि तुम्ही पुढच्या किश्शाकडे वळता. कागद हसत नाही, म्हणून त्या खांबापाशी थोडं थांबता येतं.

चार नकोत, दोनच पानं पाठवा. 'माणुसकी अजून जिवंत आहे' हे वाक्य तुमच्या पेनात तयार असेलच, ते तिथेच राहू द्या.

प्रश्न : मला मांडायचं असतं ते डोक्यात अगदी स्पष्ट असतं, फक्त शब्द सापडत नाहीत. शब्दसंग्रह वाढवायला काय वाचू?

(महाविद्यालयीन विद्यार्थिनी, जळगाव)

उत्तर : खूप वाच, पण या दुखण्यावर ते औषध नव्हे. शब्द सापडत नाहीत तेव्हा बहुतेक वेळा विचारच सापडलेला नसतो. तुला राग येईल, मलाही आला होता.

१९९४ मधली गोष्ट. रविवारच्या पुरवणीसाठी मी केळीच्या भावावर लेख लिहायला घेतला. या विषयावर मी चहाच्या टपरीवर कितीतरी वेळा तावातावानं बोलले होते, तेव्हा लेख म्हणजे तासाभराचं काम. पहिला परिच्छेद झकास झाला. शेतकऱ्याचा घाम, व्यापाऱ्याची मनमानी, सरकारची झोप, सगळं जागच्या जागी. मग लिहिलं, 'भाव पडतात, कारण' आणि हात थांबला. पाच मिनिटं, दहा मिनिटं. मजकूर कापून पानावर चिकटवणारा पेस्टिंगवाला ब्लेड घेऊन डोक्यावर उभा. 'कारण' या शब्दापुढे मला काहीही येत नव्हतं. आणि गंमत अशी, की तेव्हासुद्धा मी स्वतःला सांगत होते, मला सगळं माहीत आहे, फक्त शब्द आठवत नाही.

शेवटी रावेरकडच्या मामांना फोन केला. म्हटलं, भाव कसा ठरतो हो? मामांनी उलट विचारलं, "कोणता भाव? जाहीर होतो तो, की हातात पडतो तो?"

भाव दोन असतात हेच मला माहीत नव्हतं. मग बऱ्हाणपूरचा लिलाव कुठे बसतो, वजनात काय कापलं जातं, घड नाकारायचा अधिकार कुणाचा, कापणी एक दिवस लांबली तर कोण बुडतं, असे प्रश्न एकामागून एक निघाले आणि एकाचंही उत्तर माझ्याकडे नव्हतं. त्या रविवारी त्या जागेवर केळीच्या पाककृती छापल्या. लेख तीन आठवड्यांनी आला, आणि त्यात 'मनमानी' हा शब्द एकदाही नव्हता. त्याची गरजच उरली नव्हती.

टपरीवर माझं पितळ उघडं पडलं नव्हतं, कारण तिथे 'कारण'नंतर मी नुसता हात उडवायचे आणि समोरचे मान डोलवायचे. म्हणून सांगते, तुला जे अगदी स्पष्ट वाटतं ना, त्यातलं एक वाक्य लिही, त्याला 'कारण' जोड आणि पुढे काय येतं ते बघ. काहीच आलं नाही तर शब्दकोश उघडू नकोस, कुणाच्या तरी मामांना फोन कर.

एक कबूल करते. दुःखाच्या वेळी खरोखरच शब्द नसतात. तिथे हे काही लागू नाही, तिथे घाई करू नये.

प्रश्न : शुद्धलेखन कच्चं आहे, म्हणून लिहायची लाज वाटते.

(गृहिणी, चोपडा)

उत्तर : मराठी साहित्य महामंडळाचे १४ नियम १९६२ साली आले, १९७२ मध्ये आणखी चार वाढले. असे सगळे मिळून अठरा. एका पावसाळ्यात होतात. तोवर लिहायचं थांबू नका, वेलांटीला वेलांटीची माणसं असतात. आमच्याकडचे मुद्रितशोधक संपादकांच्याही अग्रलेखावर लाल रेघा मारत आणि संपादक निमूट मारून घेत. समर्थ रामदासांनी दासबोधात लेखनक्रियेवर एक अख्खा समास लिहिला आहे. तो उघडून बघा. त्यात अक्षर वाटोळं आणि मोकळं कसं काढावं, शाई आणि कागद कसे असावेत, हे सांगितलंय. विचार कसा करावा हे सांगायला त्यांनी बाकीचा ग्रंथ ठेवला. दोन वेगळी कामं आहेत आणि लाज बाळगावी असं त्यात एकही नाही.

प्रश्न : मी नववी-दहावीला मराठी शिकवते. 'फाटक्या पुस्तकाचे आत्मकथन' लिहायला दिलं, तर ४५ पैकी ४१ मुलांचं पुस्तक रद्दीत पडून अश्रू ढाळत होतं. दोघांनी फोनवरच्या एआयकडून लिहून आणलं, आणि वाईट वाटतं सांगायला, भाषेत तेच सरस होतं. आधी विचार करायला शिकवावं की आधी लिहायला?

(शिक्षिका, पाचोरा)

उत्तर : उरलेल्या दोघांची पुस्तकं काय करत होती ते कळवायला हवं होतं बाई! मला त्यांचीच उत्सुकता आहे.

यंत्राचं सरस निघालं याचा दोष मी यंत्राला देणार नाही, मुलांनाही नाही. ज्यानं आयुष्यात एकही पुस्तक फाडलेलं नाही, त्यालासुद्धा ज्या प्रश्नाचं उत्तर लिहिता येतं, तो प्रश्नच पुसून टाकायच्या लायकीचा. तुम्हाला अभ्यासक्रमातलं कथालेखन, प्रसंगलेखन, आत्मकथन सगळं करून घ्यावंच लागणार, त्याला इलाज नाही. पण आठवड्यातली दहा मिनिटं तुमची स्वतःची असतीलच.

आधी विचार की आधी लेखन, याला मी मुक्ता साळवेचं उदाहरण देते. पुण्यात जोतीराव आणि सावित्रीबाईंच्या शाळेतली १४ वर्षांची मुलगी. मांग-महारांच्या दुःखाविषयी तिनं लिहिलेला निबंध १८५५ साली 'ज्ञानोदय'मध्ये छापून आला. आपण त्याची आठवण काढतो ती त्यातल्या दुःखामुळे. मी मुलांना तो वाचायला देते त्यातल्या तर्कासाठी. वेद जर ब्राह्मणांचेच आणि ते आम्हाला बघायचीही मुभा नाही, तर उघडच आम्हाला धर्मपुस्तक नाही. धर्मपुस्तक नाही, तर आम्ही धर्मरहित. एकेक पायरी ठेवत ती मुलगी देवालाच विचारते, की मग आमचा धर्म कोणता ते तरी सांग. तिच्या आधी तिच्या घरात कुणी निबंध लिहिला असेल का? नमुना म्हणून समोर काही नव्हतं. 'जर' लिहिलं की 'तर' द्यावं लागतं, एवढं तिनं पकडलं होतं. तिनं आधी विचार केला आणि मग लिहिला, की लिहिता लिहिता 'धर्मरहित'पर्यंत पोचली, हे कुणी सांगू शकणार नाही. मला मनातून दुसरंच खरं वाटतं.

माझा अनुभव असा, की मराठीत विचार राहतो तो नामांत आणि विशेषणांत नव्हे, 'पण', 'म्हणून', 'तरी', 'नाहीतर' अशा किरकोळ दिसणाऱ्या शब्दांत. डेस्कवर नव्या पोरांच्या कॉपीतली 'त्यामुळे' मी पेन्सिलीनं गोल करायचे आणि विचारायचे, खरंच त्यामुळे का? 'ट्रॅक्टर उलटला. त्यामुळे चालक फरार झाला.' ट्रॅक्टर उलटला म्हणून कुणी पळत नाही. खाली माणूस सापडला म्हणून पळाला, किंवा लायसन नव्हतं म्हणून, किंवा वाळू चोरीची होती म्हणून. 'त्यामुळे'च्या पोटात खरी बातमी दडलेली असायची.

दुसरा गोल 'परिसरात हळहळ व्यक्त होत आहे' याच्याभोवती. एका वार्ताहराला मी फोनवर विचारलं, कोण हळहळलं ते सांगा, नाव-गाव लिहून घेते. तो गडबडला. म्हणाला, "मॅडम, खरं सांगू का, कोणीच नाही. त्याची सगळीकडे उधारी होती. एक सायकल दुरुस्तीवाला तेवढा दुकान बंद करून बसलाय." म्हटलं, त्याचं दुकान का बंद, ते विचारून या. दोन दिवसांनी तो जी हकिगत घेऊन आला ती इथे सांगत नाही, ती त्याची आहे. पण त्यानंतर त्याच्या कॉपीत हळहळ पुन्हा दिसली नाही.

तुम्ही वर्गात असं करून बघा. 'आज शाळेत येताना' यावर फक्त पाच वाक्यं. विशेषणं बंद. पाचांतल्या एका वाक्यात 'पण' आणि एकात 'म्हणून' आलाच पाहिजे. मग वही शेजारच्याला द्यायची, आणि त्यानं उत्तर म्हणून फक्त एक प्रश्न लिहायचा. गुण द्यायचे असतील तर प्रश्नाला द्या. पहिल्या दोन आठवड्यांत काहीच होणार नाही, मुलं 'रस्त्यात गाय होती पण मी आलो' असलं लिहितील. चालू द्या. तिसऱ्या आठवड्यात कुणीतरी विचारेल, गाय कुणाची होती?

प्रश्न : माझी आजी ८१ वर्षांची आहे, एरंडोलजवळच्या गावात राहते. तिला सही करता येते, बाकी लिहिता-वाचता येत नाही. पण माणसांबद्दल, जमिनीबद्दल ती जे बोलते, ते माझ्या एमबीए झालेल्या डोक्यात येत नाही. लिहिल्याशिवाय इतका खोल विचार कसा होतो? तिच्या गोष्टी मला उतरवून घ्यायच्या आहेत, पण फोन समोर ठेवला की ती पाठ केल्यासारखं बोलते आणि दोन मिनिटांत संपवते.

(एक वाचक, पुणे)

उत्तर : वर मी लिहिण्याची एवढी महती गायली, ती तुमच्या आजीनं वाचली असती तर हसली असती. एरंडोलहून आसोदा काही लांब नाही. बहिणाबाई चौधरींना लिहिता येत नव्हतं. घरातल्यांनी त्यांची गाणी कागदावर उतरवून घेतली, त्या १९५१ च्या डिसेंबरात गेल्या आणि १९५२ साली गाण्यांचं पुस्तक आलं. आणि त्या काही एकट्या नव्हेत. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी आपल्या सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातल्या गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. सासर, भाऊ, रामाची सीता, दुष्काळ, आंबेडकर, सगळ्यांबद्दल त्या बायकांचं ठाम मत आहे.

कागद नव्हता म्हणजे त्यांच्याकडे साधन नव्हतं, असं नाही. जात्याच्या फेऱ्याला ओवीचा चरण बसतो. चरण बसेपर्यंत ओवी पुन्हा पुन्हा घोळवायची, शब्द बदलायचा, समोर बसलेली जाऊ दुसरा चरण टाकते तो पारखून घ्यायचा. आम्ही खोडून लिहितो, त्या दळून लिहीत. मात्र ही ओवी ऐकणारी जाऊ गेली की ओवीही जाते, तो धोका मोठा आहे. आमच्या आजीच्या गोष्टींतल्या मला आज जेमतेम चार आठवतात. घोडा कुठे बांधला होता तेही विसरले.

तेव्हा उतरवून घ्याच, पण आपलं काम काय ते ओळखून. ज्ञानेश्वरीच्या शेवटी शके १२१२ चा उल्लेख आहे, त्या ओवीत सच्चिदानंदबाबा 'लेखकु' झाले असं म्हटलंय. टीका केली ज्ञानेश्वरांनी, लेखकु म्हणजे लिहून घेणारा. तुम्ही तो लेखकु व्हा, आजीचे संपादक होऊ नका. तिची बोली पुण्याच्या भाषेत धुऊन काढू नका. ती आज एक सांगेल आणि दिवाळीत तीच गोष्ट वेगळी सांगेल, मधला दीर गायब होईल, विहिरीची जागा बदलेल. अशा वेळी खरं कोणतं म्हणून तिच्याशी वाद घालू नका, दोन्ही ठेवा. चक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटांनी तेराव्या शतकात माणसं शोधून शोधून गोळा केल्या. त्या लीळाचरित्राच्या पोथ्यांत एकच आठवण दोघांनी वेगळी सांगितली असेल तर ते वेगळेपण सांगणाऱ्याच्या नावानिशी नोंदलेलं सापडतं. सातशे वर्षांपूर्वीच्या लोकांना जे कळलं होतं ते आपण मोबाइल हातात घेऊन विसरायचं का? दीर गायब झाला तर तो का गायब झाला, हीच कदाचित मोठी गोष्ट असेल.

आता फोनचं. फोनसमोर ती दोन मिनिटांत का संपवते, हे कोडं नाही. फोन 'हूं' म्हणत नाही. तुम्ही त्या वेळी काय करता? आवाज मधे येऊ नये म्हणून तोंड मिटून, बटणाकडे डोळे लावून बसता ना? मग ती बोलणार कुणाशी? तिला सांगून-सवरून फोन उशीपाशी ठेवून द्या (चोरून मुळीच नाही) आणि मग तुम्ही तिच्याकडे बघा. हुंकार द्या. रेकॉर्डिंगमध्ये तुमचे शंभर 'हूं' आले तर येऊ देत. न कळलेलं विचारा, घोडा कुठे बांधला होता ते तर आवर्जून विचारा. शेंगा निवडायला घ्या किंवा तिचे पाय चेपा, हात रिकामे ठेवू नका. दिवसा नको, जेवणं झाल्यावर, पंख्याखाली.

आणि ती "झालं, नीज आता" म्हणाली की लगेच रेकॉर्डिंग बंद करू नका. आमची आजी असं म्हणून कूस वळायची, आणि भिंतीकडे तोंड करून आणखी थोडं बोलायची.